काळ सांधणारा काल्पनिक थर

बाबा गेले तेव्हा त्या खोलीत तीन घड्याळं होती आणि तिन्हींत वेगवेगळी वेळ होती. पलंगाशेजारच्या मॉनिटरवर २ वाजून १० मिनिटं, सिस्टरच्या मनगटावर २ वाजून १४ आणि माझ्या मोबाइलवर २ वाजून ७. डॉक्टरांनी मॉनिटरकडे पाहिलं, कागदावर २.१० लिहिलं आणि सही केली. पुढे मृत्यूच्या दाखल्यावर तीच वेळ आली.

तारीख होती २९ नोव्हेंबर २०२३, बुधवार. म्हणजे मंगळवारची रात्र उलटून गेलेली.

अशा वेळी माणसाच्या डोक्यात काय येईल ते सांगता येत नाही. मी व्यवसायाने सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. बाबांचा हात हातात असताना माझ्या मनात आलं, की या तीन घड्याळांतलं नेमकं कुठलं बरोबर? ते सात मिनिटांचं अंतर मला पुढे कित्येक दिवस छळत राहिलं. एका घड्याळाप्रमाणे बाबा गेले होते आणि दुसऱ्याप्रमाणे अजून तीन मिनिटं होते. हा लेख त्या सात मिनिटांमुळे लिहिला आहे.

एक क्षण, चार उत्तरं

दिवसकार्य आटोपल्यावर आईने विचारलं, "अरे, यांची तारीख कुठली धरायची?"

मला वाटलं, यात विचारायचं काय? दाखल्यावर २९ आहे. पण दादा कॅलिफोर्नियात असतो. त्याला फोन गेला तेव्हा तिकडे मंगळवार, २८ नोव्हेंबरची दुपार होती. जेवणाचा डबा उघडून बसला होता बिचारा. तो म्हणाला, "माझ्यासाठी बाबा २८ तारखेला गेले. मी तो दिवस जगलोय, तो कसा बदलणार?"

गुरुजींनी तिसरंच सांगितलं. आपल्याकडे वार सूर्योदयापासून सूर्योदयापर्यंत. पहाटे दोनला सूर्य उगवलेला नव्हता, म्हणून वार मंगळवारच. तारखेशी त्यांना कर्तव्य नव्हतं. त्या क्षणी चालू असलेली तिथी होती कार्तिक वद्य द्वितीया, शके १९४५. तीच बाबांची तिथी.

आणि चौथं उत्तर शेजारच्या भाभीजींकडून आलं. त्या आमच्याकडे बाराव्याला मदतीला होत्या. त्यांनी आपलं पंचांग पाहून आईला सांगितलं, "बाईजी, अगहन बदी दूज है, संवत २०८०." आईचा गोंधळ उडाला. कार्तिक की मार्गशीर्ष?

इंदूर-ग्वाल्हेरकडच्या वाचकांना हा घोळ नवा नाही. आपण मराठी माणसं अमान्त महिना मानतो, म्हणजे अमावास्येला महिना संपवतो. माळव्यातले आपले शेजारी पौर्णिमान्त मानतात. शुक्ल पक्षात दोघांचा महिना एकच असतो, वद्य पक्षात मात्र ते आपल्यापेक्षा एक महिना पुढे असतात. आपला श्रावण सुरू होण्याआधी पंधरा दिवस त्यांचा सावन सुरू होतो तो यामुळेच. चंद्र तोच, तिथी तीच, नाव वेगळं.

तर बाबांच्या जाण्याच्या एका क्षणाला चार उत्तरं होती आणि चारही बरोबर होती. मला मात्र हा प्रश्न ओळखीचा वाटला, कारण माझं पोट याच प्रश्नावर भरतं.

सीमेवरचा थर

नोकरीच्या दुसऱ्या वर्षी माझ्या हातून एक चूक झाली होती. परदेशातल्या एका दवाखान्यासाठी आम्ही रुग्णांच्या नोंदींची प्रणाली बनवत होतो. कुठली घटना किती वाजता झाली ते साठवण्याचं काम माझ्याकडे होतं. मी सरळ तिथल्या भिंतीवरच्या घड्याळाची वेळ साठवली. महिनोन् महिने सगळं सुरळीत चाललं. मग नोव्हेंबरचा पहिला रविवार आला. अमेरिकेत त्या पहाटे दोन वाजता घड्याळं एक तास मागे घेतात, म्हणजे १ ते २ हा तास दोनदा येतो. एक रुग्ण १.५० ला आला, वीस मिनिटांनी डॉक्टरांनी त्याला तपासलं. पण तोवर घड्याळ मागे गेलं होतं, त्यामुळे तपासणीची वेळ पडली १.१०. आमच्या यादीत रुग्ण येण्याआधीच तपासला गेलेला होता!

कुणाला इजा झाली नाही, पण सोमवारी सकाळी माझ्या वरिष्ठांनी मला बाजूला घेऊन जे सांगितलं ते मी आजही नव्या मुलांना सांगतो. प्रणालीच्या आत एकच वेळ ठेवायची, ती कुठल्याही गावाची नसलेली. गावोगावच्या वेळा बाहेर ठेवायच्या. आत आणि बाहेर यांच्या सीमेवर एक पातळ थर ठेवायचा. वेळ आत येताना त्या थराने ती 'कुठल्याच गावाच्या नसलेल्या' वेळेत बदलून घ्यायची, बाहेर जाताना पाहणाऱ्याच्या गावाची करून द्यायची. हा थर फाटला, की काळ मागेपुढे व्हायला लागतो.

तुमच्या मोबाइलमध्येही हाच थर आहे. बाबा गेल्यावर मी दादाला निरोप पाठवला. माझ्या फोनवर त्या निरोपाखाली पहाटेचे २.२५ आहेत, दादाच्या फोनवर आदल्या दिवशीच्या दुपारचे १२.५५. निरोप एकच. आत साठवलेला आकडाही एकच. १ जानेवारी १९७० च्या मध्यरात्रीपासून, ग्रीनिचच्या हिशेबाने, किती सेकंद झाले तेवढाच तो आकडा असतो. दाखल्यावरच्या २.१० चा आकडा मी एकदा काढून पाहिला, १७०१२०४०००. म्हणजे १७० कोटी १२ लाख ४ हजार सेकंद. त्यात वार नाही, तारीख नाही, तिथी नाही, इंदूर नाही आणि कॅलिफोर्नियाही नाही. हे सगळे त्यावर चढवलेले कपडे.

जी वेळ कुठल्याच घड्याळात नाही

ही 'कुठल्याच गावाची नसलेली' वेळ म्हणजे समन्वित जागतिक वेळ, इंग्रजी आद्याक्षरांनी यूटीसी. भारतीय प्रमाणवेळ त्याच्या साडेपाच तास पुढे. बाबांच्या वेळी कॅलिफोर्निया आठ तास मागे होता. सगळ्या जगाची घड्याळं हिच्याकडे पाहून लावतात. मग ती दाखवणारं घड्याळ कुठे आहे?

कुठेच नाही. हे मला पहिल्यांदा कळलं तेव्हा मी थक्क झालो होतो.

पॅरिसच्या वेशीवर सेव्हर नावाच्या गावी वजनमापांची आंतरराष्ट्रीय संस्था आहे. जगातल्या ऐंशीहून अधिक प्रयोगशाळांमधली मिळून सुमारे साडेचारशे अणुघड्याळं आपापली नोंद तिकडे पाठवतात. भारतातर्फे दिल्लीची राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळा पाठवते. भारतीय प्रमाणवेळ सांभाळायचं कामही तिचंच. या सगळ्या घड्याळांची एकमेकांशी तुलना होते, जे जास्त स्थिर त्याला जास्त वजन देऊन सरासरी निघते. मग महिन्यातून एकदा एक पत्रक निघतं. त्यात प्रत्येक प्रयोगशाळेला कळतं, की मागच्या महिन्यात तुमचं घड्याळ खऱ्या वेळेच्या किती नॅनोसेकंद पुढे किंवा मागे होतं.

म्हणजे खरी वेळ नंतर कळते! चालू क्षणी प्रत्येकाकडे असतो तो फक्त चांगला अंदाज. जगातल्या बँका, विमानं, रेल्वे आणि दूरध्वनी ज्या वेळेवर चालतात, ती एका कागदावर मांडलेली सरासरी आहे. काल्पनिक म्हणा हवं तर. पण खोटी नव्हे, कारण साडेचारशे घड्याळं आणि त्यांना सांभाळणारी माणसं तिच्या पाठीशी उभी आहेत.

ती वेळ आपल्या खिशापर्यंत कशी येते, याची गोष्टही ऐकण्यासारखी आहे. अमेरिकेतल्या डेलावेअर विद्यापीठातले डेव्हिड मिल्स यांनी १९८० च्या दशकात संगणकांनी एकमेकांना वेळ विचारण्याची पद्धत बसवली. तिला एनटीपी म्हणतात. तिच्यात थर असतात, शब्दही 'स्ट्रॅटम' म्हणजे थर असाच आहे. शून्याव्या थरात अणुघड्याळ, त्याला थेट जोडलेला संगणक पहिल्या थरात, त्याला विचारणारा दुसऱ्यात, असं खाली खाली. खालचा वरच्याला विचारतो, "किती वाजले?" उत्तर यायलाही वेळ लागतो. मग विचारणारा जाण्यायेण्याचा एकूण वेळ मोजतो, निम्मा करतो आणि तेवढा उत्तरात मिळवतो. एवढी साधी युक्ती, पण तिच्यामुळे जगभरचे संगणक सेकंदाच्या लहानशा अंशात एकमेकांशी जुळलेले राहतात. मिल्स यांची दृष्टी लहानपणापासून अधू होती आणि पुढे ती पूर्ण गेली. जगाची घड्याळं जुळवणाऱ्या माणसाला उतारवयात घड्याळ दिसत नव्हतं. २०२४ च्या जानेवारीत ते गेले.

आता त्या खोलीतली तीन घड्याळं. माझा मोबाइल मोबाइल कंपनीच्या जाळ्यातून या थरांशी जोडलेला होता. सिस्टरचं मनगटी घड्याळ साधं क्वार्ट्झचं. असं घड्याळ महिन्याला दहा-पंधरा सेकंद इकडेतिकडे जातं, वर्षभर कुणी हात लावला नाही तर दोन-तीन मिनिटांचा फरक सहज पडतो. मॉनिटरचं घड्याळही बहुधा कधीतरी कुणीतरी हाताने लावलेलं. म्हणजे माझ्या फोनचे २.०७ खऱ्याच्या सगळ्यांत जवळ. दाखल्यावर २.१० आहे ते कायम राहील. मला त्याबद्दल तक्रार नाही. त्या क्षणी डॉक्टरांनी बाबांकडे पाहायचं होतं, घड्याळ लावत बसायचं नव्हतं.

उज्जैनचं ऊन

पुढच्या वर्षी फेब्रुवारीत आम्ही उज्जैनला गेलो होतो. बाबांच्या अस्थी तिथेच क्षिप्रेत सोडल्या होत्या. आईला पुन्हा एकदा घाटावर जायचं होतं. येताना माझ्या आठ वर्षांच्या मुलीला वेधशाळा दाखवली.

आपल्या प्राचीन ज्योतिषाची शून्य रेखा उज्जैनवरून जायची, हे बहुतेकांना माहीत असतं. लंकेपासून उज्जैन, कुरुक्षेत्र यांवरून मेरूपर्यंत जाणारी ती कल्पित रेषा. ग्रीनिचला जगाची शून्य रेखा ठरवणारी परिषद वॉशिंग्टनला १८८४ मध्ये भरली, त्याच्या कित्येक शतकं आधी आपले ग्रहगणित उज्जैनच्या मध्यरात्रीपासून किंवा सूर्योदयापासून मोजलं जात होतं. जयपूरच्या सवाई जयसिंगांनी अठराव्या शतकात इथे वेधशाळा बांधली. पुढे तिची पडझड झाली आणि ग्वाल्हेरच्या माधवराव शिंदे महाराजांनी १९२३ मध्ये ती दुरुस्त करवली. म्हणून आज ती नांदती आहे.

तिथल्या सम्राट यंत्राची सावली वाचून मुलगी म्हणाली, "बाबा, इथे अकरा वाजलेत." माझ्या फोनवर ११ वाजून ४१ मिनिटं झाली होती. "हे घड्याळ स्लो आहे का?"

स्लो नव्हतं. ते उज्जैनची स्वतःची वेळ दाखवत होतं. भारतीय प्रमाणवेळ ८२ अंश ३० कला पूर्व या रेखांशाची, मिर्झापूरजवळून जाणारी. उज्जैन साधारण ७५ अंश ४६ कलांवर. एका अंशाला चार मिनिटं, म्हणून उज्जैनचा आणि आपल्या इंदूरचा सूर्य प्रमाणवेळेच्या जवळजवळ २७ मिनिटं मागे. त्यात पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळाकार आणि अक्ष कललेला, त्यामुळे सूर्य कधी घड्याळाच्या पुढे तर कधी मागे पडतो. फेब्रुवारीच्या मध्यात तो आणखी १४ मिनिटं मागे असतो. २७ आणि १४, झाले ४१. तेच नोव्हेंबरच्या सुरुवातीला पाहिलं तर फरक फक्त ११ मिनिटांचा भरेल.

म्हणजे आपण ज्याला दुपारचे बारा म्हणतो, ते इंदुरात खरे बारा जवळपास कधीच नसतात. तीही एक मान्य केलेली कल्पना आहे आणि ती मान्य करायला लोकांनी सहजासहजी होकार दिला नव्हता. १ जानेवारी १९०६ पासून देशाची एक प्रमाणवेळ झाली. तोवर मुंबईची वेळ ग्रीनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे होती. नवी वेळ आली आणि मुंबईची घड्याळं ३९ मिनिटं पुढे सरकली. गिरणी कामगारांनी विरोध केला, कारण सकाळी सूर्याच्या हिशेबाने त्यांना तेवढं आधी कामावर यावं लागणार होतं. शहरात जुनी वेळ अनेक ठिकाणी चालूच राहिली, ती १९५५ पर्यंत. जवळजवळ पन्नास वर्षं मुंबईच्या माणसाला "कुठले दहा? मुंबईचे की स्टँडर्ड?" असं विचारावं लागत होतं.

गंमत म्हणून ऐकण्यासारखी ही गोष्ट कामगारांसाठी झोपेची आणि पगाराची होती. हा थर काल्पनिक असला तरी त्याचा भार खरा असतो.

उरलेल्या काळाचं काय करायचं?

थर म्हटला की त्याच्या दोन बाजू आल्या आणि त्या कधीच तंतोतंत जुळत नाहीत.

अणुघड्याळं अगदी एकसारखी चालतात, पण पृथ्वी तशी फिरत नाही. चंद्रामुळे येणारी भरती-ओहोटी तिचा वेग हळूहळू कमी करते, शिवाय तिच्या पोटातल्या हालचालींनी तो थोडा वरखाली होतो. मग घड्याळ आणि आकाश यांत फट पडते. ती एका सेकंदाच्या आत ठेवण्यासाठी १९७२ पासून अधूनमधून एक सेकंद जास्तीचा घालतात, लीप सेकंद. आतापर्यंत असे २७ घातले. शेवटचा आपल्याकडे १ जानेवारी २०१७ च्या पहाटे आला. तेव्हा ५ वाजून २९ मिनिटं ५९ सेकंदांनंतर साडेपाच वाजले नाहीत, आधी साठावा सेकंद आला.

संगणकांना हा साठावा सेकंद पचत नाही. २०१२ च्या लीप सेकंदाला जगातली अनेक मोठी संकेतस्थळं लटकली होती. काही कंपन्यांनी मग युक्ती काढली, तो सेकंद एकदम न घालता दिवसभर थोडा थोडा करून पसरून टाकायचा. बाबांच्या वेळेचा तो जो लांबलचक आकडा मी वर सांगितला, त्यातही हे २७ सेकंद धरलेले नाहीत. शेवटी २०२२ मध्ये देशांनी मिळून ठरवलं, की २०३५ पर्यंत ही फट आणखी वाढू द्यायची आणि दर वेळी सेकंद घालण्याचा खटाटोप थांबवायचा.

आपल्या पंचांगाने हाच प्रश्न फार जुन्या काळी सोडवला आहे, फक्त सेकंदाने नव्हे तर अख्ख्या महिन्याने. चांद्रमास सरासरी साडेएकोणतीस दिवसांचा, असे बारा म्हणजे ३५४ दिवस. सौरवर्ष ३६५ दिवसांचं. दर वर्षी अकरा दिवस उरतात. ते तसेच सोडले तर दिवाळी हळूहळू पावसाळ्यात आणि मग उन्हाळ्यात जाईल. म्हणून साधारण ३२-३३ महिन्यांनी उरलेल्या दिवसांचा एक महिना करून मध्ये घालायचा, तो अधिक मास. आपण त्या महिन्यात जावयाला अनारसे देतो, दीपदान करतो. खरं तर तो आपला चंद्र आणि सूर्य यांच्या सीमेवरचा थर आहे.

रोजच्या पातळीवरही पंचांगात हेच चालतं. चंद्र सूर्यापासून बारा अंश पुढे गेला की एक तिथी झाली. चंद्राचा वेग बदलता, त्यामुळे तिथी कधी वीस तासांत आटोपते तर कधी सव्वीस तासांवर जाते. म्हणून कधी एका तिथीचा क्षय होतो, कधी वृद्धी. लहानपणी 'कालनिर्णय'वर एकच तिथी दोन दिवस छापलेली पाहून मी बाबांना म्हणालो होतो, "छापणाऱ्याची चूक आहे." बाबा हसून म्हणाले होते, "चूक नाही रे, तडजोड आहे."

दादाचा शनिवार, माझा रविवार

२०२४ मध्ये कार्तिक वद्य द्वितीया १७ नोव्हेंबरला आली, रविवारी. तारखेच्या हिशेबाने वर्ष व्हायला बारा दिवस बाकी होते. दादा तिकडच्या गुरुजींकडे गेला, तर त्यांनी त्याला शनिवार १६ तारीख दिली.

आई कळवळली. "एकाच बापाचं श्राद्ध दोन दिवशी? लोक काय म्हणतील?"

मी तिला कागदावर आकृती काढून दाखवली. तिथी बदलते तो क्षण साऱ्या पृथ्वीवर एकच असतो, कारण तो चंद्रावर आणि सूर्यावर अवलंबून, गावावर नाही. आपल्याकडे शनिवारी मध्यरात्रीच्या थोडं आधी द्वितीया लागली. त्या क्षणी दादाकडे शनिवारची सकाळ होती, साडेदहाच्या सुमाराची. श्राद्धाला दुपारची तिथी धरतात. दादाच्या शनिवारच्या दुपारी द्वितीया होती, आपल्या रविवारच्या दुपारी द्वितीया होती. तारखा दोन, तिथी एकच.

आईने आकृती बराच वेळ पाहिली. मग म्हणाली, "म्हणजे तो पहिल्यांदा करणार आणि आपण नंतर. थोरला आहे, बरोबरच आहे."

माझी सगळी आकृती एका वाक्यात मावली होती. तिला फक्त आधी कोण आणि नंतर कोण एवढंच हवं होतं.

आणि खरंच, संगणकशास्त्रही शेवटी तिथेच येतं. लेझ्ली लॅम्पोर्ट या शास्त्रज्ञाने १९७८ मध्ये एक निबंध लिहिला. आमच्या क्षेत्रात तो फार मानला जातो. दूरदूरच्या संगणकांची घड्याळं कधीच पूर्णपणे जुळणार नाहीत, हे त्याने गृहीतच धरलं. मग त्याने विचारलं, की आपल्याला नेमकं हवंय काय? किती वाजता झालं हे नेहमीच हवं असतं असं नाही. बरेचदा काय आधी झालं आणि काय त्यानंतर झालं, एवढं राखलं तरी काम भागतं. निरोप पाठवणं हे तो मिळण्याच्या आधीच असलं पाहिजे. एवढा नियम पाळला, तर घड्याळं चुकली तरी गोष्टीचा धागा तुटत नाही. माझ्या त्या दवाखान्याच्या चुकीत नेमका हाच धागा तुटला होता.

त्या रात्रीच्या सात मिनिटांचं ओझं मला तेव्हापासून राहिलं नाही. घड्याळं काहीही सांगोत, क्रम मला पक्का ठाऊक आहे. आधी मी बाबांच्या कपाळावर हात ठेवला. त्यांनी डोळे उघडून पाहिलं. मग श्वास थांबला. मग सिस्टरने घड्याळाकडे पाहिलं. यातलं काहीही मागेपुढे झालेलं नाही आणि कुठल्याही प्रमाणवेळेने ते होणार नाही.

२०२५ मध्ये बाबांची तिथी आणखी मागे सरकून नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात आली. आई म्हणाली, "हे असेच दर वर्षी मागे मागे जात राहणार का रे? एक दिवस यांची तिथी भर पावसात यायची."

नाही जाणार. यंदा १७ मे पासून १५ जूनपर्यंत अधिक ज्येष्ठ आहे. तो एक महिना मध्ये आला, की कार्तिक वद्य द्वितीया पुन्हा नोव्हेंबरच्या शेवटच्या आठवड्यात येते, बाबा गेले त्या थंडीत. मी आईला 'कालनिर्णय'चं नोव्हेंबरचं पान काढून दाखवलं. तिने त्या चौकोनाभोवती पेनने गोल केला आणि मला म्हणाली, "दादाला विचार, तुझ्याकडे कुठला वार येतो. यंदा सुट्टी काढून इकडेच ये म्हणावं."

दादाने तिकीट काढलं आहे.